‘घरी बसणारे’ पालक : प्रवाह आणि वास्तव

– बी. ए. द्वितीय वर्षाची एक विद्यार्थिनी

आजच्या काळात कुटुंबसंस्थेत जे बदल झपाट्याने होत आहेत, त्यांमध्ये मुलांच्या संगोपनाचा प्रश्न फार महत्त्वाचा आहे. आई नोकरीला गेली तर मूल कोणी सांभाळावे, शिकलेल्या स्त्रीने मुलासाठी नोकरी सोडावी काय, बापाने घरी राहिले तर काय बिघडते, असे प्रश्न वर्तमानपत्रांच्या रविवारच्या पुरवण्यांतून नेहमी चर्चिले जातात. ही चर्चा मी आवडीने वाचते. पण वाचता वाचता असे वाटते की, ही सारी चर्चा पुण्या-मुंबईच्या घरांबद्दल आहे. आपल्या आष्टी तालुक्यातील शेतमजुराच्या घराचा तिच्यात कोठेच पत्ता नाही. वास्तविक मुले आमच्याकडेही वाढतात आणि त्यांच्यासाठी आमच्याकडेही कुणीतरी घरी राहतेच. ते कोण राहते, का राहते आणि त्याच्या कामाची किंमत समाज काय करतो, याचा विचार करण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

एका शब्दाचा घोळ

घरी राहून मुले वाढवणाऱ्या माणसासाठी मराठीत धड शब्द नाही. स्त्री असेल तर ‘गृहिणी’ म्हणतात. हा शब्द दिसायला सुंदर आहे, पण खेड्यात तो कोणी बोलत नाही. तेथे “ती घरीच असते” एवढ्यावर भागते. पुरुष असेल तर तो ‘घरी बसला’. नोकरी सुटली की माणूस घरी बसतो, मुलगी नापास झाली की तिला घरी बसवतात. म्हणजे ‘घरी’ या शब्दाला ‘बसणे’ हे क्रियापद आपण इतके घट्ट चिकटवले आहे की, घरात काही काम असते हेच आपण विसरलो. प्रवेश अर्जात ‘पालकाचा व्यवसाय’ असा रकाना असतो. त्यात आईच्या नावापुढे माझ्या कितीतरी मैत्रिणी ‘काही नाही’ असे लिहितात. ज्या बाईने पहाटे उठून डबा करून दिला, तिच्याच नावापुढे हे लिहिले जाते, आणि लिहिताना कोणाचाही हात अडखळत नाही.

आकडे काय सांगतात?

माणसाचे चोवीस तास कशात जातात हे मोजण्याचे एक शास्त्र आहे. आपल्या देशात असे पहिले सर्वेक्षण १९९८-९९ मध्ये हरियाणा, मध्य प्रदेश, गुजरात, ओडिशा, तमिळनाडू व मेघालय या सहा राज्यांत झाले. त्यात महाराष्ट्र नव्हता. पुढे २०१९ मध्ये राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाने सर्व देशासाठी ‘वेळेचा विनियोग’ या विषयावर मोठे सर्वेक्षण केले. पहाटे ४ वाजल्यापासून दुसऱ्या दिवशी पहाटे ४ वाजेपर्यंतचा काळ अर्ध्या अर्ध्या तासाच्या भागांत विभागून माणसाने त्या त्या वेळी काय केले ते लिहून घ्यायचे, अशी त्याची रीत होती.

त्या सर्वेक्षणात असे दिसले की, ६ वर्षांवरील स्त्रियांपैकी ८१.२ टक्के स्त्रिया घरचे बिनमोबदल्याचे काम करतात, तर पुरुषांपैकी फक्त २६.१ टक्के करतात. जे करतात त्यांचीही तुलना पाहावी. स्त्रीचे रोजचे २९९ मिनिटे, म्हणजे जवळजवळ ५ तास या कामात जातात आणि पुरुषाचे ९७ मिनिटे. पाच वर्षांनी, २०२४ मध्ये, हेच सर्वेक्षण पुन्हा झाले. तेव्हा स्त्रीची मिनिटे २८९ झाली होती. पुरुषाची मिनिटे वाढायला हवी होती, पण तीही घटून ८८ झाली होती. मुलांची व घरातील इतरांची देखभाल वेगळी मोजली आहे. २०२४ मध्ये १५ ते ५९ वर्षे वयाच्या स्त्रियांपैकी ४१ टक्के स्त्रिया अशी देखभाल करीत होत्या व त्यांचे रोज १४० मिनिटे त्यात जात होते. पुरुषांमध्ये हे प्रमाण २१.४ टक्के व वेळ ७४ मिनिटे होता.

दुसरा प्रवाह असा की, स्त्रिया घराबाहेरच्या कामात अधिक दिसू लागल्या आहेत. श्रमबळ सर्वेक्षणानुसार १५ वर्षांवरील ग्रामीण स्त्रियांचा श्रमातील सहभाग २०१७-१८ मध्ये २४.६ टक्के होता, तो २०२३-२४ मध्ये ४७.६ टक्के झाला. हे दोन्ही आकडे शेजारी शेजारी ठेवले तर एक गोष्ट स्पष्ट होते. बाई बाहेर कामाला जाऊ लागली, पण तिच्या घरच्या कामातून फक्त दहा मिनिटे कमी झाली. बाहेरचे काम घरच्या कामाच्या जागी आले नाही, ते घरच्या कामावर येऊन चढले.

राष्ट्रीय उत्पन्नातील गळती

अर्थशास्त्राच्या वर्गात राष्ट्रीय उत्पन्नाचे प्रकरण शिकताना पिगू या इंग्रज अर्थशास्त्रज्ञाचे उदाहरण येते. १९२० साली ‘द इकॉनॉमिक्स ऑफ वेलफेअर’ या ग्रंथात त्याने दाखवून दिले की, एखाद्या गृहस्थाने घरी पगारावर काम करणाऱ्या बाईशी लग्न केले तर देशाचे उत्पन्न कमी होते. काम तेच, बाई तीच, चूलही तीच. फक्त पगार थांबला म्हणून ते काम हिशेबातून नाहीसे झाले. वर्गात या उदाहरणाला सगळे हसतात. मला मात्र यात हसण्यासारखे फार काही दिसले नाही, कारण आपल्या गावातील निम्म्याहून अधिक काम याच पद्धतीने नाहीसे होते.

आपल्या सरकारी व्याख्याही पाहण्यासारख्या आहेत. २००१ च्या जनगणनेच्या व्याख्येप्रमाणे घरच्या वावरात मजुरी न घेता राबणारी बाई ‘काम करणारी’ ठरते. केवळ घरी पिण्यापुरते म्हशीचे दूध काढणारी बाईही ‘काम करणारी’ ठरते. परंतु तेच दूध तापवून लेकराला पाजणारी बाई ‘काम न करणारी’ ठरते. श्रमबळ सर्वेक्षणात तर यासाठी दोन क्रमांकच ठरलेले आहेत. फक्त घरकाम करणारी ती ९२ आणि घरकामाबरोबर सरपण, भाजी, वैरण गोळा करणारी, घरापुरते शिवणकाम करणारी ती ९३. हे दोन्ही क्रमांक श्रमबळाच्या बाहेरचे आहेत. डोक्यावर सरपणाचा भारा घेऊन येणारी बाई श्रमबळाच्या बाहेर आहे, हे तिला कोणी सांगितले तर ती काय म्हणेल याची कल्पना वाचकांनी करावी.

या कामाची किंमत कोठे होत असेल तर ती न्यायालयात होते, आणि तीही बहुधा ती बाई मरण पावल्यावर. जमशेदपूर येथे ३ मार्च १९८९ रोजी एका समारंभाच्या मंडपाला आग लागून अनेक माणसे दगावली. त्यांत गृहिणीही होत्या. नुकसानभरपाई ठरवताना सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये गृहिणीच्या सेवेची किंमत दरमहा ३,००० रुपये धरली. २०१० साली दुसऱ्या एका खटल्यात त्याच न्यायालयाने खेद व्यक्त केला की, २००१ च्या जनगणनेत गृहिणींना भिकारी, कैदी व वेश्या यांच्या बरोबरीने अनुत्पादक गटात टाकले आहे. ५ जानेवारी २०२१ च्या निकालात न्यायमूर्ती रमणा यांनी २०११ च्या जनगणनेचा आधार दिला. सुमारे १६ कोटी स्त्रियांनी घरकाम हाच आपला मुख्य व्यवसाय सांगितला होता. आणि पुरुषांनी? सुमारे ५८ लाखांनी. पुढे फेब्रुवारी २०२४ मध्ये न्यायालयाने असेही म्हटले की, गृहिणीचे मासिक उत्पन्न रोजंदारीच्या मजुरापेक्षा कमी धरता येणार नाही.

या आकड्यांपैकी ५८ लाखांचा आकडा मी दोनदा वाचला. कारण त्या प्रकारचा एक पुरुष मी रोज पाहते. ते माझे बाबा आहेत.

आमच्या घरचा अनुभव

मी सहावीत असताना बाबा कुटाराने भरलेल्या बंडीवरून पडले व त्यांच्या कमरेला कायमची इजा झाली. तेव्हापासून वखर, डवरा, पोती उचलणे ही कामे त्यांच्याकडून होत नाहीत. माझा धाकटा भाऊ त्या वेळी एक वर्षाचा होता. आम्हाला स्वतःचे वावर नाही. मग आई रोजच्या मजुरीला जाऊ लागली. खरिपात निंदण, मग सोयाबीनची सोंगणी, दिवाळीच्या पुढेमागे कापसाची वेचणी. बाबा भावाला घेऊन घरी राहिले.

बाईची मजुरी पुरुषाच्या मजुरीपेक्षा कमी असते. समान कामाला समान मोबदला देण्याचा कायदा १९७६ मध्ये झाला, हे आम्ही राज्यशास्त्रात वाचतो, पण वावराच्या धुऱ्यावर तो पोहोचलेला नाही. यामुळे ज्या घरी बाप घरी राहतो त्या घराचे उत्पन्न लगेच खाली येते. खेड्यात मूल कोणी सांभाळावे हे मायेवर ठरत नाही, ते मजुरीवर ठरते. ज्याची मजुरी कमी तो घरी राहतो, आणि बाईची मजुरी कमीच ठेवलेली असल्यामुळे बाईच घरी राहते. यालाच आपण पुढे ‘आईचे काळीज’ असे नाव देतो. आईची माया खोटी आहे असे मला म्हणायचे नाही. परंतु बाबांनीही माझ्या भावाला न्हाऊ-माखू घातले, त्याच्या तापात रात्री जागून काढल्या, त्याला भात कालवून भरवला. ही विद्या पुरुषाच्या हाताला येत नाही असे जे म्हणतात, त्यांनी ती शिकण्याची गरज पडेपर्यंत थांबावे.

बाबांना सुरुवातीला याची लाज वाटे. धुतलेली लुगडी ते उजाडण्यापूर्वीच दोरीवर टाकीत. पारावरून जाताना कुणी ना कुणी विचारी, “काय गा, अजून घरीच बसून हायेस?” पहिली दोन वर्षे ते खाली मान घालून पुढे जात. नंतर त्यांनी उत्तर शोधले. “बसाले येळ भेटन तवा सांगीन.” हे उत्तर आता आमच्या गल्लीत बायकाही वापरतात.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी सर्वेक्षणाच्या रीतीने बाबांचा एक दिवस अर्ध्या अर्ध्या तासाने लिहून काढला. पाणी भरणे, चूल, आईचा डबा, भावाची शाळेची तयारी, भांडी, कपडे, बकऱ्यांना चारा, रेशनच्या दुकानातील रांग, संध्याकाळी भावाचा अभ्यास. घरकाम ६ तास भरले आणि भावासाठीचा वेळ २ तासांच्या वर गेला. त्याच दिवशी मी आईचाही दिवस लिहिला. वेचणीचे व जाण्यायेण्याचे मिळून ९ तास झाले. परंतु घरी आल्यावर तिने पुन्हा भाकरी थापल्या, दुसऱ्या दिवसाचे पीठ-मीठ पाहिले, भावाची फाटलेली चड्डी शिवली. हे आणखी दीड तासाच्या वर गेले. म्हणजे आमच्या घरात रीत उलटी झाली, तरी ती पूर्ण उलटी झाली नाही. बाप कमावतो तेव्हा तो घरी येऊन हातपाय धुऊन बसतो. आई कमावते तेव्हा ती घरी येऊन हातपाय धुते व चुलीपाशी जाते. एका घरावरून नियम काढू नये हे मला कळते. पण देशभरच्या आकड्यांत जे दिसते तेच आमच्या चुलीपाशी दिसले, एवढे मी नक्की सांगू शकते.

थोरली बहीण : नोंद नसलेली पालक

शहरातील चर्चेत दोनच माणसे असतात, आई आणि बाप. आमच्याकडे तिसरे माणूस असते आणि पुष्कळदा तेच खरे घरी राहणारे पालक असते. आजी धडधाकट असेल तर आजी. नसेल तर थोरली मुलगी. आई-बाप दोघेही मजुरीला गेले की, नऊ-दहा वर्षांची पोर कडेवर भाऊ घेऊन घर सांभाळते. आधी ती शाळेला आठवड्यातून दोन दिवस दांडी मारते, मग चार दिवस, आणि मग हजेरीपटावरून तिचे नाव कमी होते. माझ्याबरोबर सातवीपर्यंत असलेली एक मुलगी अशीच थांबली. गणितात ती माझ्यापुढे होती. तिच्या भावाचे आज बरे चालले आहे. ती मात्र आता स्वतःचे मूल घेऊन घरी आहे. म्हणजे दहाव्या वर्षापासून ती हेच काम करीत आहे आणि कोणत्याही रकान्यात ते ‘काम’ म्हणून लिहिले गेलेले नाही.

आमच्या घरात बाबा ‘बसले’ नसते तर ती पाळी माझ्यावर आली असती. आमच्या घराण्यात महाविद्यालयाची पायरी चढणारी मी पहिली आहे. याचे श्रेय मला मिळते, शिक्षकांना मिळते, पण त्याचा पहिला हिस्सा दोरीवर लुगडी वाळत घालणाऱ्या माणसाचा आहे.

हा प्रश्न काही नवा नाही. तो ओळखणाऱ्या एक थोर बाई आपल्या शेजारच्या अमरावतीत काही काळ राहून गेल्या. त्या म्हणजे ताराबाई मोडक. १९४५ मध्ये त्यांनी तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातील बोर्डी येथे ग्रामीण बालशिक्षणाचे केंद्र सुरू केले व पुढे अनुताई वाघ यांच्यासह कोसबाडच्या टेकडीवर ते काम वाढवले. गरिबांची मुले बालवाडीत येत नाहीत असे दिसताच त्यांनी बालवाडीच मुलांच्या अंगणात नेली, आणि त्यातूनच ‘अंगणवाडी’ ही कल्पना आली. शाळेच्या वयाच्या मुली धाकटी भावंडे सांभाळतात म्हणून शाळेत येऊ शकत नाहीत, हेही त्यांच्या लक्षात आले. मग त्यांनी पाळणाघर, बालवाडी आणि प्राथमिक शाळा एकाच ठिकाणी आणली व तिला ‘विकासवाडी’ म्हटले. बहिणीने भावाला पाळणाघरात ठेवावे आणि आपण शेजारच्या वर्गात बसावे. इतका साधा उपाय, पण तो सुचायला मुलीच्या कडेवरचे मूल आधी दिसावे लागते.

पुढे २ ऑक्टोबर १९७५ पासून एकात्मिक बालविकास सेवा योजनेखाली अंगणवाड्या देशभर पसरल्या. १९८६ च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणातही म्हटले आहे की, भावंडे सांभाळणाऱ्या मुलींना शाळेत जाता यावे व कामकरी स्त्रियांना आधार मिळावा म्हणून दिवसभराची पाळणाघरे हवीत. २००५ च्या रोजगार हमी कायद्यातही कामावर सहा वर्षांखालील पाच किंवा अधिक मुले आली तर त्यांना सांभाळण्यासाठी एका बाईला मजुरी देऊन नेमावे, अशी तरतूद होती. मूल सांभाळणे हे मजुरी देण्याजोगे काम आहे, हे त्या कलमाने मान्य केले होते. २०२२ पासून अंगणवाडीला जोडून ‘पाळणा’ नावाची योजनाही आखली गेली.

अडचण आहे ती वेळेची. अंगणवाडी दुपारी सुटते आणि वेचणीवरची बाई दिवस मावळताना घरी येते. मधल्या वेळात कोण, हा प्रश्न राहतोच, आणि त्याचे उत्तर अजूनही पुष्कळ घरांत ‘थोरली पोर’ हेच आहे.

शहरात आणि परदेशात

नोकरदार वर्गासाठी काही सोयी झाल्या आहेत. १९६१ च्या प्रसूतिलाभ कायद्यातील १२ आठवड्यांची रजा २०१७ च्या दुरुस्तीने पहिल्या दोन अपत्यांसाठी २६ आठवडे झाली. केंद्र सरकारच्या स्त्री कर्मचाऱ्यांना २००८ पासून मुलांच्या संगोपनासाठी संपूर्ण नोकरीत ७३० दिवसांची रजा मिळू लागली व २०१८ मध्ये एकट्याने मूल वाढवणाऱ्या पुरुष कर्मचाऱ्यांनाही ती लागू झाली. बापाला मिळते ती पितृत्वाची रजा मात्र १५ दिवसांची. शेतमजूर स्त्रीला यांपैकी काहीच नाही. २०१७ च्या मातृवंदना योजनेत पहिल्या अपत्यासाठी ५,००० रुपयांची मदत ठरली, तेवढा तिला आधार.

शिकलेल्या मराठी स्त्रियांचीही कथा वेगळी नाही. पुण्यात अभियंता म्हणून नोकरी करणाऱ्या कितीतरी मुली लग्नानंतर पतीबरोबर अमेरिकेत गेल्या आणि तेथील परवान्याच्या नियमामुळे त्यांना नोकरी करता येईना. २०१५ मध्ये त्यांच्यापैकी काहींना कामाची परवानगी मिळाली. तोपर्यंत पदवी असूनही घरी राहणे हाच त्यांचा मार्ग होता. त्यांच्या व आमच्या आयांच्या परिस्थितीत जमीन-अस्मानाचे अंतर आहे, परंतु घरी राहण्याचा निर्णय दोघींच्या हातात नव्हता, हे साम्य विसरता येत नाही.

याउलट स्वीडनने १९७४ मध्येच आईच्या रजेऐवजी ‘पालकांची रजा’ सुरू केली. आज तेथे एका अपत्यामागे ४८० दिवस मिळतात व त्यांतील ९० दिवस प्रत्येक पालकासाठी राखीव असतात. बापाने ते घेतले नाहीत तर ते फुकट जातात. आइसलंडच्या स्त्रियांनी तर २४ ऑक्टोबर १९७५ रोजी एक दिवस घरचे व बाहेरचे सारे काम बंद ठेवले. सुमारे ९० टक्के स्त्रिया त्यात होत्या. त्या दिवशी बापांना मुले बरोबर घेऊन कचेरीत जावे लागले. हे काम किती आहे हे देशाला एका दिवसात कळले, कारण ते एक दिवस झाले नाही.

लक्ष्मीमुक्तीची आठवण

आपल्याकडे असा विचार झालाच नाही असे नाही. शेतकरी संघटनेचे अधिवेशन नोव्हेंबर १९८६ मध्ये नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे झाले, त्यात शेतकरी स्त्रियांचा प्रश्न प्रथमच एवढ्या मोठ्या प्रमाणावर मांडला गेला. त्यानंतर १९८९ च्या सुमारास शरद जोशी यांनी ‘लक्ष्मीमुक्ती’ची हाक दिली. लक्ष्मी घरात आणि वावरात जन्मभर राबते, तिचे देणे कोणी दिलेले नाही, म्हणून शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग पत्नीच्या नावे करून द्यावा, असा तो कार्यक्रम होता. ज्या गावात शंभर किंवा अधिक शेतकरी असे करतील ते गाव लक्ष्मीमुक्तीचे गाव ठरे व शरद जोशी स्वतः तेथे जात. घरकामाचे मोल भाषणात सांगणारे पुष्कळ आहेत. सातबाऱ्यावर लिहून देणारी ही चळवळ मला त्यामुळे विशेष वाटते. अर्थात ज्यांच्याकडे सातबाराच नाही अशा आमच्यासारख्या घरांना तिचा उपयोग नव्हता, हेही नमूद केले पाहिजे.

अलीकडे राज्य शासनाने १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बालकाच्या नावात वडिलांच्या नावाआधी आईचे नाव लिहिण्याचा निर्णय घेतला. त्याच वर्षी स्त्रियांना दरमहा १,५०० रुपये देणारी लाडकी बहीण योजना आली. त्या पैशाचा उपयोग घरोघर झाला. परंतु बहिणीला दिलेली ओवाळणी आणि कामाचे मोल या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी तरी लक्षात ठेवावे.

समारोप

या सर्व विवेचनावरून तीन गोष्टी निष्पन्न होतात. पहिली, घरी राहणारा पालक बसलेला नसतो. दुसरी, तो कोण असावा हे आज स्वभावावर किंवा मायेवर ठरत नसून मजुरीच्या दरावर ठरते. म्हणून बाईची मजुरी पुरुषाइतकी झाली तरच घरी कोणी राहावे हा प्रश्न नवरा-बायकोला मोकळेपणी सोडवता येईल. तिसरी, आई व बाप दोघांनाही राबणे भाग असलेल्या घरात मूल सांभाळण्यासाठी गावाने एक जागा दिली पाहिजे. ती दिली नाही तर त्या जागेवर गावाची एखादी मुलगी शाळा सोडून उभी राहते.

आपल्या आष्टीला १६ ऑगस्ट १९४२ चा इतिहास आहे. त्या दिवशी जे हुतात्मे झाले त्यांच्यापुढे आपण दरवर्षी नतमस्तक होतो. जे तुरुंगात गेले त्यांची लेकरेही मागे वाढलीच. ती वाढवणाऱ्यांची नावे कोणत्याही स्तंभावर कोरलेली नसतात. नावे कोरणे आपल्या हातात नसेल, पण नोंद करणे आपल्या हातात आहे.

नव्या जनगणनेसाठी १ मार्च २०२७ हा संदर्भदिनांक ठरवण्यात आला आहे. अशा गणनेच्या वेळी दारात येणाऱ्या प्रगणकाला आपल्याकडे बहुधा पुरुष उत्तर देतो आणि बायकोबद्दल “ती घरीच असते” असे सांगून मोकळा होतो. विद्यार्थी मित्रमैत्रिणींनो, आपल्या घरात बहुधा आपणच लिहिता-वाचता येणारे आहोत. त्या वेळी आपण पुढे व्हावे. आई घरच्या वावरात निंदते, म्हैस दुहते, बकऱ्या सांभाळते, हे स्पष्ट सांगावे. व्याख्येप्रमाणे ते काम आहे आणि ते लिहून घेणे प्रगणकाचे कर्तव्य आहे. मूल सांभाळण्याला रकाना नाही, तो मागायला अजून पुष्कळ काळ लागेल. तोपर्यंत निदान आपल्या हातातील अर्जात ‘पालकाचा व्यवसाय’ या शब्दांपुढे ‘काही नाही’ असे आपण लिहू नये. मी यंदा बाबांच्या नावापुढे ‘घरकाम व मुलांचे संगोपन’ असे लिहिले आहे. रकाना लहान होता, म्हणून अक्षर बारीक काढावे लागले.